चाचणीपुरत्या चपात्या

माझ्यावर सगळ्यांत जास्त उपकार कुणाचे, असं कुणी विचारलं तर मी मामीचं नाव घेईन. आई-वडिलांनी वाढवलं, जिल्हा परिषदेच्या शाळेत घातलं, पुढे दहावीपर्यंत शेजारच्या गावातल्या हायस्कुलात रोज चालत पाठवलं. त्यांच्या हातात होतं ते सगळं त्यांनी केलं. पण दहावीनंतर काय करायचं हे आमच्या घरात कुणालाच माहीत नव्हतं, कारण तिथपर्यंत कुणी पोचलंच नव्हतं. तेव्हा मामी म्हणाली, "त्याला माझ्याकडं पाठवा." तिच्या या एका वाक्यावर मी पदवीधर झालो.

आमचं गाव वाड्याच्या रस्त्याला, भिवंडीपासून एसटीने तासभर. मामा-मामीच्या दोन खोल्या धामणकर नाक्याच्या मागच्या गल्लीत. मामा लूमवर जॉबर होता, म्हणजे बिघडलेले माग दुरुस्त करणारा. भिंतीपलीकडेच एक कारखाना होता आणि त्याची खडखड दिवसभर चालायची. आठवडाभरात मला ती ऐकू येईनाशी झाली. मामाची मुलगी नुकतीच लग्न होऊन सासरी गेली होती. खिडकीखालची तिची जागा मला मिळाली.

आमच्याकडे गावात जेवण म्हणजे भात आणि तांदळाची भाकरी. गव्हाची चपाती सणाला, नाहीतर पाहुणा आला तर. मामीचं माहेरही तसंच, शेती करणारं. तिलाही चपाती नीट येत नव्हती. पण मी कॉलेजात जाणार हे ठरल्यावर तिने मनाशी एक ठरवलं. "डब्यात भाकरी नेशील तर पोरं हसतील. हापिसातली माणसं चपाती नेतात. तू चपाती न्यायचीस."

शेजारी एका शिक्षकांचं घर होतं. त्यांच्या बायकोकडे जाऊन मामी दुपारी घडीची चपाती शिकली. पंचेचाळिशीची बाई, पोळपाट मांडीशी घेऊन दुसऱ्याच्या स्वयंपाकघरात शिकायला बसायची. पहिल्या चपात्या फारच चिवट झाल्या. मामा एक चपाती दोन्ही हातांनी ताणून बघत म्हणाला, "ही मागाला पट्टा म्हणून लावली तर शिफ्टभर चालेल."

"मग लाव आणि उपाशी जा ड्युटीला," मामी म्हणाली.

महिन्याभरात तिचा हात बसला. चार पदर सुटणारी, मऊ चपाती. सकाळी दोन खाऊन जायचं, डब्यात तीन, आणि संध्याकाळी पुन्हा. मी आवडीने खायचो. खरंच छान व्हायच्या त्या.

पहिल्या वर्षाच्या शेवटी माझं पोट बिघडायला लागलं. जेवलं की पोट फुगायचं, शर्टाचं बटण ताणायचं. कधी चार दिवस जुलाब, मग आठवडाभर ठीक, मग पुन्हा तेच. तोंडात फोड यायचे, तिखट लागायचं नाही. जिना चढताना दम लागायचा. परीक्षेला बसताना मी दाराजवळचं बाक मिळावं म्हणून मनातल्या मनात देवाला विनवायचो. नाक्यावरच्या डॉक्टरांनी जंताचं औषध दिलं, मग रक्त कमी म्हणून लोहाच्या गोळ्या दिल्या. गोळ्या संपल्या की रक्त पुन्हा कमी.

मामीने स्वतःचा उपाय सुरू केला. अशक्त माणसाला गव्हाचा चीक द्यायचा, हे तिने माहेरी ऐकलेलं. गहू तीन दिवस भिजत घालायचे, रोज पाणी बदलायचं, मग वाटून, गाळून, तो पांढरा चीक तूप-गूळ घालून शिजवायचा. सकाळी वाटी माझ्यासमोर ठेवून ती उभी राहायची. "गव्हात ताकद असते. तळाचं पण खा." मी तळाचं पण खायचो. आणि दुपारी कॉलेजातून मधेच घरी यायचो.

सुट्टीत गावी गेलो की दहा-बारा दिवसांत बरा व्हायचो. आई म्हणायची, "बघ, हितलं पानी लागलं. भिवंडीचं पानी तुला सोसत न्हाय." हे कुणीतरी मामीच्या कानावर घातलं. मी परत आलो त्या दिवसापासून तिने माझ्यासाठी पाणी उकळायला सुरुवात केली. मोठ्या पातेल्यात उकळून, फडक्याने गाळून, वेगळ्या हंड्यात. पदवी होईपर्यंत, एकही दिवस न चुकता.

निकाल लागला तेव्हा गल्लीतल्या प्रत्येक दारात ती पेढे घेऊन गेली. शिक्षकांच्या दारात उभी राहून म्हणाली, "तुमच्या हिनं शिकवलेल्या चपात्यांवर झाला माझा भाचा बीकॉम." मी मागे पेढ्यांचा खोका धरून उभा होतो. आमच्या दोन्ही घरांतला पहिला पदवीधर मी, पण त्या दिवशी माझ्याहून जास्त अभिमान तिला होता, आणि तो तिचा हक्कच होता. तिचं ते वाक्य मी इथे मुद्दाम लिहितो आहे. पुढे जे घडलं, किंवा मी जे घडू दिलं, ते या वाक्यामुळे.

मला भिवंडीबाहेर मानकोलीच्या एका गोदामात नोकरी लागली. आलेल्या मालाची नोंद करायची, गाड्या कुठल्या दाराला लावायच्या ते सांगायचं. दोन वर्षांनी लग्न झालं आणि आम्ही जवळच दापोड्याला खोली घेतली. बायको मुरबाडकडची. तिला चपात्या उत्तम येतात, त्यामुळे माझ्या पोटाचं रडगाणं तसंच चालू राहिलं. ती म्हणायची, "अहो, तुमच्या पोटाला काय शिफ्ट लावून दिलीय का? बरोबर नऊ वाजता सुरू."

मला त्याची सवय झाली होती. माझी प्रकृतीच अशी, असं मी धरून चाललो होतो. कुणी उंच असतं, कुणी सावळं असतं, माझं पोट बिघडलेलं असतं.

मग एक दिवस गोदामाच्या आवारात एक पंजाबी ट्रक-ड्रायव्हर भेटला. गाडी खाली व्हायला वेळ होता म्हणून त्याने ट्रकच्या सावलीत स्टोव्ह पेटवून स्वयंपाक मांडला होता. तो दोन तळहातांमध्ये पिवळ्या पिठाच्या जाड रोट्या थापत होता. मी सहज विचारलं, "सरदारजी, मक्के की रोटी? वो भी इतनी गर्मी में?"

"शौक से नहीं खाता, बाबूजी. गेहूँ बंद है मेरा."

मला हसू आलं. "पंजाब का आदमी और गेहूँ बंद?"

"हँस लो, हँस लो. घरवाली भी हँसी थी. फिर मेरी पतलून रस्सी से बाँधनी पड़ी, तब रोई." त्याने रोटी तव्यावर टाकली आणि माझ्याकडे बघितलं. "बुरा मत मानना. सुबह से आप तीन बार उधर गए हो." त्याने हनुवटीने संडासाकडे खूण केली. "मुँह में छाले आते हैं?"

मी हो म्हणालो.

"खून कम?"

"हाँ."

"डॉक्टर को दिखाओ. आँत का डॉक्टर. हमारे उधर बहुतों को निकलता है ये."

त्याच्या गाडीचे कागद माझ्या हातात होते आणि मी तिथेच उभा राहिलो. गावात भाकरी, इथे चपाती. गावात बरा, इथे आजारी. इतकी वर्षं सगळे पाण्याकडे बघत होते, मीसुद्धा. मी कॉमर्सचा विद्यार्थी. दोन रकाने शेजारी मांडले की फरक दिसतो हे मला शिकवलेलं होतं. पण स्वतःच्या ताटाचे रकाने मी कधी मांडले नव्हते.

त्याने सांगितलं होतं डॉक्टरांना दाखवा. मी आधी गहू बंद केला. फोनवर दोन दिवस वाचलं आणि मला वाटलं, यात डॉक्टर काय करणार, उपाय तर हातात आहे. बायकोने तांदळाच्या भाकऱ्या सुरू केल्या. बिस्किटं, पाव, टोस्ट, सगळं थांबवलं. तिसऱ्या आठवड्यात एका सकाळी मी कामावर गेलो आणि जेवणाच्या सुट्टीपर्यंत मला पोटाची आठवणच झाली नाही. निरोगी माणसाला यात काही वाटणार नाही. मी संध्याकाळी बायकोला हे दोनदा सांगितलं.

मामीला मात्र मी काही सांगितलं नाही.

दर दुसऱ्या रविवारी आम्ही तिच्याकडे जेवायला जायचो. पहिल्या वेळी मी म्हणालो, "आज भातच दे, पोट बरं नाही." दुसऱ्या वेळीही तेच. तिसऱ्या वेळी तिने चपात्यांचा डबा माझ्यासमोर आणून झाकण उघडलं, वाफ आली, आणि मी हात आडवा केला. ती डबा तसाच धरून उभी राहिली.

"साहेबांना आता आमची चपाती चालत न्हाय," ती म्हणाली. माहेरची बोली तिच्या तोंडात राग आला की येते.

मामा म्हणाला, "पिझ्झा मागवू का त्याला?"

"मागव. शिकलेली माणसं ती. गरज होती तवर गोड लागलं."

बायकोने माझ्याकडे बघितलं. सांगा ना, असं तिचं बघणं. मी आमटीत भात कालवत राहिलो. काय सांगणार होतो? ज्या चपात्यांवर तू मला शिकवलंस त्यांनीच मला आजारी पाडलं? तिने मला दुसरं काय दिलं होतं? तिच्याकडे शाळा नव्हती, ओळखी नव्हत्या. पाच वर्षं पहाटे उठून कणीक मळली, हाच तिचा माझ्या पदवीतला वाटा. तो वाटा मी आजाराच्या खात्यात कसा टाकू?

पुढच्या खेपेच्या रविवारी आम्ही गेलो नाही. तिनेही फोन केला नाही.

बायकोच्या आग्रहावरून मी शेवटी ठाण्याला पोटाच्या डॉक्टरांकडे गेलो. पन्नाशीच्या बाई, शांत बोलणाऱ्या. मी त्यांना सगळं ओळीने सांगितलं आणि शेवटी, थोडं अभिमानानेच, म्हणालो की मी स्वतःच शोध लावून गहू बंद केला आहे आणि आता अडीच महिने ठणठणीत आहे.

त्यांनी पेन खाली ठेवलं. "तपासणीच्या आधीच बंद केलात?"

"हो."

"मग आता मी काय तपासू? गहू खाल्ल्यावर शरीर त्याच्याविरुद्ध जे तयार करतं, ते आम्ही रक्तात शोधतो. तुम्ही गहूच बंद केला, तर ते हळूहळू नाहीसं होतं. आतड्याची जखमही भरत येते. आत्ता तपासलं तर कदाचित सगळं नॉर्मल येईल, आणि तो नॉर्मल खोटा असेल."

मी विचारलं, बरं वाटतंय तर तपासायचं कशाला. त्या म्हणाल्या, "कारण हे आयुष्यभराचं पथ्य आहे. नुसत्या अंदाजावर माणूस ते पाळत नाही. लग्नात एक पुरी खाल, काही झालं नाही तर दोन खाल, आणि आतून नुकसान होत राहील. शिवाय गहू सोसत नाही याची कारणं वेगवेगळी असतात. कुठलं आहे ते कळायला हवं."

उपाय एकच होता. सहा आठवडे रोज निदान दोन चपात्या खायच्या आणि मग रक्त द्यायचं. फारच त्रास झाला तर थांबून फोन करायचा.

घरी येऊन बायकोला सांगितलं. ती भाकरी थापत होती. तिने हात धुतले आणि म्हणाली, "परीक्षा तुमची आहे, तुम्ही द्या. पण चपाती माझ्या हातची मिळणार नाही. तुम्हाला आजारी पाडायला मी कणीक मळू?"

"मग मी मामीकडे जाईन," मी म्हणालो. मला ते एकदम सुचलं, आणि सुचताक्षणी सोयीचं वाटलं. मामीचा रुसवा जाईल, चाचणीही होईल.

"त्यांना सांगून?"

मी डॉक्टरांचा कागद घडी घालून खिशात ठेवला.

"म्हणजे माझ्या हातून नको, त्यांच्या हातून चालेल," बायको म्हणाली. "निदान मला कारण माहीत तरी होतं."

तिचं बरोबर होतं. तरी मी गेलो.

ड्युटी संपली की मानकोलीहून शेअर रिक्षाने धामणकर नाका, तिथून चालत गल्लीत. पहिल्या संध्याकाळी मामीने दार उघडलं आणि ती बाजूला झाली. मी चप्पल काढून आत गेलो.

"काय काम काढलंस?"

"चपाती खायला आलोय."

"आज कुठनं सूर्य उगवला?"

"रोज येणार आहे. सहा आठवडे. ऑफिसात काम वाढलंय, घरी पोचायला उशीर होतो." काम खरंच वाढलं होतं. घरी उशीर मात्र मी तिच्याकडे जात असल्यामुळे होत होता.

तिने जास्त विचारलं नाही. पोळपाट खाली घेतला, कणकेचा गोळा तोडला, आणि लाटता लाटता तिचा चेहरा सैल होत गेला. तिसरी चपाती तिने न विचारता वाढली. मी खाल्ली.

आठवड्याभरात पोट पुन्हा पहिल्यासारखं झालं. या वेळी मला कारण माहीत होतं, त्यामुळे ते जास्त जाणवलं. ऑफिसात मी बाटलीभर मीठ-साखरेचं पाणी ठेवायला लागलो. संध्याकाळी मात्र मामीसमोर मांडी घालून बसायचो. ती मला गल्लीतल्या सगळ्या बातम्या सांगायची. कुणाच्या कारखान्यात नवे माग आले, शिक्षकांच्या बायकोच्या गुडघ्याचं काय झालं. मागच्या काही महिन्यांत ती माझ्याशी जे बोलली नव्हती ते सगळं बोलून घेत होती. मी खरंच आनंदात असायचो त्या तासाभरात, आणि तरी घास मोजत असायचो.

चौथ्या आठवड्यात तिने माझा उतरलेला चेहरा हेरला. "तुझं परत तसंच सुरू झालंय. काम फार करतोस." तीन दिवसांनी गेलो तर चपातीच्या आधी तिने वाटी समोर ठेवली. पांढरा, तुपाने चकाकणारा चीक.

"तीन दिवस भिजवलेत गहू," ती म्हणाली. "आणि तुझ्या आईला सांग, तू येतोस तवापासून पाणी उकळूनच देतेय मी."

तेव्हा मी सांगायला हवं होतं. चाचणीला दोन चपात्या पुरत होत्या. चिकाची गरज नव्हती. एवढं तरी टाळता आलं असतं. पण ती पदराला हात पुसत उभी होती, पूर्वी उभी राहायची तशी. मी वाटी उचलली आणि खाल्ली, तळाचंही.

सहा आठवडे झाले. रक्त दिलं. जे शोधायचं होतं ते रक्तात भरपूर सापडलं. मग तोंडातून नळी घालून लहान आतड्याचे बारीक तुकडे काढले, आणि काही दिवसांनी त्याचाही अहवाल आला. डॉक्टरांनी कागदावर चित्र काढलं. आतड्याच्या आत बारीक केसांसारखे उंचवटे असतात, तेच अन्न शोषून घेतात. गव्हातलं ग्लूटेन माझ्या शरीराला सोसत नाही आणि त्यामुळे ते उंचवटे झडून सपाट झाले आहेत. आजाराचं नाव सीलिअॅक. मी भिवंडीचा माणूस, मला लगेच टॉवेल आठवला. नव्या टर्किश टॉवेलवर सूत उभं असतं म्हणून तो पाणी टिपतो. झिजून सपाट झाला की अंगावर नुसता फिरतो.

"गहू, रवा, मैदा, सातू म्हणजे जव, कायमचं बंद," त्या म्हणाल्या. "हिंगाची डबी वाचून घ्या, पुष्कळदा त्यात गव्हाचं पीठ मिसळलेलं असतं. आणि गिरणीत गव्हानंतर लगेच दळलेलं तांदळाचं पीठही नको. पाळलंत तर आतडं पुन्हा भरून येईल." मग म्हणाल्या, "आई, भावंडं, यांचीही रक्ततपासणी करून घ्या. हे रक्ताच्या नात्यात असू शकतं."

मी रडलो नाही की घाबरलो नाही. इतकी वर्षं माझं जे बिघडलं होतं त्याला नाव मिळालं. माझा स्वभाव, शहराचं पाणी, अभ्यासाचा ताण, कशाचाच दोष नव्हता. रस्त्यात मला फार हलकं वाटत होतं. मग भिवंडीच्या वाटेवरचा कशेळीचा पूल आला, आणि आता मामीला सांगायचं आहे हे आठवलं.

मी दोनदा गेलो. पहिल्यांदा शिक्षकांची बायको येऊन बसली होती, मग जमलं नाही. दुसऱ्यांदा आम्ही दोघंच होतो. गहू थांबवून तीन आठवडे झाले होते आणि माझ्या चेहऱ्यावर थोडं तेज आलं होतं. मी तोंड उघडायच्या आत मामीच म्हणाली, "बघ, कसा तरतरीत झालास. सहा आठवडे माझ्या हातचं खाल्लंस ना." मी चहा पिऊन परत आलो.

बायको म्हणाली, "तोंडानं जमत नसेल तर लिहा. बीकॉम कशाला केलंत?"

मामी चौथीपर्यंत शिकलेली. ओळीवर बोट ठेवून, ओठ हलवत वाचते. म्हणून मी आखीव कागद घेतले, मोठं आणि सुटं लिहिलं, जोडाक्षरं शक्यतो टाळली. तिच्या हातात दिलं असतं तर तिने मामाला वाच म्हटलं असतं. पोस्टाने पाठवलं तर ते दुपारी येतं, तेव्हा मामा ड्युटीवर असतो, म्हणजे तिलाच वाचावं लागेल. चार वेळा लिहून फाडलं. पाचव्या वेळी जे लिहिलं ते पाठवलं. ते असं होतं.

मामीस,

तुला वाकून नमस्कार. हे पत्र तुझ्यासाठी आहे. आधी तू वाच, मग वाटलं तर मामाला दाखव.

मला एक आजार आहे. घाबरू नकोस, गहू टाळला की औषधाविना बरं राहता येतं. गव्हात एक चिकट भाग असतो, तो माझ्या आतड्याला चालत नाही. जन्मापासून माझं शरीर तसंच आहे. गावी आम्ही भाकरी खायचो म्हणून ते कुणाला कळलं नाही. कॉलेजात असताना माझं पोट त्यामुळे बिघडायचं. आता ठाण्याच्या डॉक्टरांनी तपासून ते नक्की केलं आहे.

तुझ्या घरच्या पाण्यात कधीच काही वाईट नव्हतं. तू उगाच इतकी वर्षं पाणी उकळलंस. आईलाही मी हे सांगितलं आहे.

चपातीत तुझा काही दोष नाही. नाक्यावरच्या डॉक्टरांना कळलं नाही, मला कळलं नाही, तुला कसं कळणार? मी पदवीधर झालो तो तुझ्यामुळे. आजारी असूनही झालो, कारण तू होतीस. मी आजारी पडायचो तेव्हा रात्र न बघता उठायचीस ती तूच. हे मी सगळीकडे सांगतो आणि सांगत राहीन.

आता जे माझं चुकलं ते लिहितो. मी रविवारी तुझी चपाती नको म्हणालो, तेव्हा मला कारण माहीत होतं. तुला वाईट वाटेल म्हणून मी सांगितलं नाही, आणि त्यानेच तुला जास्त वाईट वाटलं. तुला वाटलं मी मोठा झालो. तसं कधीच नव्हतं.

दुसरं याहून वाईट आहे. मी सहा आठवडे तुझ्याकडे रोज जेवायला आलो. डॉक्टरांनी सांगितलं होतं की तपासणीसाठी रोज गहू खायला हवा. म्हणून आलो. तू मला आनंदाने वाढत होतीस आणि मी आजारी पडण्यासाठी खात होतो, आणि हे तुला माहीत नव्हतं. तुझ्या हातून मी ते करून घेतलं. तू तीन दिवस गहू भिजवून चीक केलास, तेव्हाही मी गप्प बसलो. माझी बायको मला आधीच म्हणाली होती की सांगून जा. मी ऐकलं नाही.

तुझ्याकडे बसून तुझं बोलणं ऐकायला मला आवडत होतं. ते खोटं नव्हतं. पण बाकीचं तुझ्यापासून लपवलं, त्याची माफी मागतो.

तुला राग येईल. येऊ दे. मी येत्या रविवारी येणार नाही. तू बोलावशील तेव्हा येईन. आलो तर मला भात चालतो, तांदळाची, नाचणीची, ज्वारीची भाकरी चालते. पीठ मी घरून आणीन, कारण गिरणीत गहू दळलेल्या जात्याचं मला चालत नाही. हिंग घालू नकोस.

एक काम आहे. ते तुला राग असला तरी कर. डॉक्टर म्हणाल्या की आईचंही रक्त तपासायला हवं. तिला कायम थकवा असतो, तू बघितलं आहेसच. मी सांगितलं तर म्हणते, "मला काय धाड भरलीय?" ती माझं ऐकत नाही, मामाचंही ऐकत नाही. तू गावी जाऊन तिला घेऊन ये. तुझ्यापुढे तिचं काही चालत नाही. बुधवारी सकाळी रक्त घेतात. हल्ली रेशनच्या गव्हाची चपाती ती रोज खाते, ती बंद करू नका, जे खाते ते खाऊ दे, तपासणी होईपर्यंत काही बदलायचं नाही. मी बदललं होतं, ती माझी चूक झाली.

मी मंगळवारी रजा काढतो. तू फोन केलास तर एसटी स्टँडवर येऊन थांबेन.

तुझा भाचा